एकाहत्तर हप्ते

बँकेच्या काचेवर तिचं नाव 'दीर्घकालीन ऋण-आकलन कक्ष' असं रंगवलेलं आहे. पण ते नाव एका दमात म्हणणारा माणूस उचगावात अजून जन्माला यायचाय. कोल्हापूरपासून कागलपर्यंत सगळे तिला म्हातारी म्हणतात. घरासाठी कर्ज काढायचं तर आधी म्हातारीला भेटायचं, अर्धा तास तिचं ऐकून घ्यायचं, मग सात दिवस गप बसायचं आणि आठव्या दिवशी सही करायची. २०३८ साली हा नियम आला तेव्हा बिल्डर मंडळींनी केवढा थयथयाट केला होता. आता तीन वर्षं झाली, लोकांच्या अंगवळणी पडलंय.

वृषाली सुतारचा नंबर लागला ऑगस्टमधल्या एका मंगळवारी, सकाळी साडेअकराला. तिचा नवरा संग्राम तिच्या आधी आत जाऊन आला. संग्राम एसटीत चालक, रोज रत्नागिरीच्या घाटातून गाडी काढणारा, सहसा कशाला बिचकत नाही. बाहेर आला तो मान पुसत.

"काय म्हणाला तुमचा म्हातारा?" वृषालीनं विचारलं.

"लई खोकतोय गं," संग्राम म्हणाला. "बाकीचं तू ऐकून ये, मग बोलू."

दोघांनी फ्लॅट नक्की करून टाकला होता. सातवा मजला, तीन खोल्या, खाली पोहायचा तलाव. एक लाख टोकन भरलेलं. चौदा वर्षं ज्या भाड्याच्या घरात काढली ते मालकानं विकायला काढलं होतं आणि दिवाळीपर्यंतची मुदत दिली होती. संग्रामनं तर सगळ्या डेपोला सातवा मजला सांगून ठेवला होता. साठ लाखांचं कर्ज, वीस वर्षं, महिना त्रेपन्न हजारांचा हप्ता. दोघांच्या पगारात बसत होता. वृषालीच्या मते आता राहिली होती ती फक्त सही.

वृषालीबद्दल थोडं सांगायला हवं. शिरोलीच्या फाउंड्रीत ती पॅटर्नमेकर. म्हणजे लोखंडाचा जो भाग ओतायचा, त्याचा आधी लाकडाचा किंवा रेझिनचा हुबेहूब नमुना करणारी. त्या नमुन्यावरून वाळूत साचा होतो आणि साच्यात लोखंड ओततात. हल्ली नमुने मशीन छापतं, पण मशीनला मापं सांगायला जाणकार माणूस लागतंच. अख्ख्या वसाहतीत तिच्या हाताचा पॅटर्न म्हटला की लोक पुन्हा मोजत नाहीत. तिला ते ठाऊक होतं, आणि ठाऊक आहे हे ती लपवायचीही नाही. तिचे वडील, आण्णा, याच कामातले, आणि कर्जाला जामीनदारही तेच. स्वतःचं पॅटर्नचं दुकान काढायचं तिच्या डोक्यात दहा वर्षं होतं. घर झालं की दुकान, असं तिनं मनाशी ठरवलेलं.

आता म्हातारीची गोष्ट. ती बँकेच्या संगणकातली एक प्रणाली, तिच्यात जादू बिदू काही नाही. तुमच्या संमतीनं ती तुमची दहा-बारा वर्षांची माहिती घेते. पगार, खर्च, विजेचं बिल, दवाखाना, फोनवर तुम्ही बोलता कसं, बँकेचे निरोप उघडता की तसेच ठेवता, सगळं. जामीनदाराची जुनी कर्जंही बघते. त्यातून तुमच्यासारखंच वागणारं एक गणितातलं माणूस उभं करते. त्या माणसाला कर्ज देते आणि वीस हजार वेळा म्हातारं करते. दर वेळी जग थोडं निराळं असतं. एकदा व्याज चढतं, एकदा कारखाना बंद पडतो, एकदा गुडघा जातो, एकदा सगळं सुरळीत चालतं. या वीस हजार आयुष्यांतलं जे मधलं, ना फार बरं ना फार वाईट, त्याला ती तुमचाच आवाज देते, वय चढवून. हे भविष्य नव्हे. तुम्ही आज आहात तसेच राहिलात तर बहुतेक काय होईल, एवढंच. कर्ज विभागाच्या बागवान मॅडम हे वाक्य प्रत्येकाला दोनदा ऐकवतात आणि प्रत्येक जण ते दारातच विसरतो.

वृषाली आत गेली. एक खुर्ची, एक पडदा, समोर भिंत.

"ये, बस," आवाज आला. वृषाली खुर्चीच्या कडेवर टेकली. आवाज तिचाच होता, पण त्यात तिच्या आईचा शेवटच्या वर्षांतला थकवा होता. "मी चौसष्टाव्या वर्षात आहे. काल आपला शेवटचा हप्ता गेला."

"चौसष्टाव्या कसं? कर्ज वीस वर्षांचं आहे. अठ्ठावन्नला फिटायला पाहिजे."

"मला पण तसंच वाटलं होतं," म्हातारी म्हणाली. "पहिला हप्ता आठवतो तुला? अजून भरला नाहीस म्हणा. त्रेपन्न हजारांतले पावणेचव्वेचाळीस हजार नुसतं व्याज असतं. मुद्दल फिटतं नऊ हजार. पहिली काही वर्षं आपण घराचे पैसे देतच नाही, पैशांचं भाडं देतो. मग चौथ्या वर्षी व्याजाचा दर दीडएक टक्क्यानं चढला."

"मग हप्ता वाढला असेल."

"तिथंच तर फसलो. हप्ता आहे तेवढाच ठेवला बँकेनं. वर्षं वाढवली. खात्यातून जातात तेवढेच पैसे, म्हणून आपल्याला काही कळलंच नाही. दोनशे चाळीस हप्त्यांचे तीनशे सात झाले. साठ लाखांपायी एक कोटी त्रेसष्ट लाख गेले."

वृषाली आकड्यांना घाबरणारी नव्हती. मिलिमीटरच्या दहाव्या भागाशी तिचं रोजचं भांडण. तिनं विचारलं, "आणि दुकान?"

"कुठलं दुकान?"

"आपलं. पॅटर्नचं."

"ते राहिलं," म्हातारी म्हणाली. "एक कर्ज डोक्यावर असताना दुसरं काढायचा धीर झाला नाही. आणि सातव्या मजल्यावर रंधा कुठं मारणार होतो आपण? साठीपर्यंत त्याच फाउंड्रीत होते मी. गुडघे गेले."

वृषालीला राग आला. असली रडकी बाई ती कधीच होणार नव्हती. "बँकेत जाऊन विचारलं का नाही कुणी? दर वाढला तर हप्ता वाढवा म्हणून?"

"आपण विचारतो का कुणाला काही?" म्हातारी हसली, आणि ते हसू मात्र अगदी वृषालीचंच होतं. "आपल्या घरात कोण विचारतं? आण्णांचे एकाहत्तर जास्त गेले, माझे सदुसष्ट. तेवढी तरी सुधारणा."

"आण्णांचे कसले एकाहत्तर?"

"जामीनदाराच्या जुन्या कर्जात आहे बघ. मे २०१८ ला संपायचं होतं. संपलं एप्रिल २०२४ ला."

वृषाली उठून बाहेर आली. अर्धा तास अजून व्हायचा होता. बागवान मॅडमनी तिच्या हातात अहवालाचा कागद दिला, तो तिनं उभ्याउभ्या वाचला. शेवटून दुसऱ्या ओळीत लिहिलं होतं: व्याजदर बदलल्यावर कर्जदार स्वतः बँकेत येऊन विचारण्याची शक्यता, शंभरात चार.

एक कोटी त्रेसष्ट लाख तिला झोंबले नव्हते एवढं ते चार झोंबलं.

पण त्याहून मोठं काहीतरी तिच्या डोक्यात घोळत होतं. मे २०१८. तिला तो दिवस चांगला आठवत होता. ती पंधरा वर्षांची होती. आण्णा पेढ्यांचा बॉक्स घेऊन आले होते, दाराला तोरण होतं, गल्लीतल्या प्रत्येक घरात पेढे गेले होते. सुतारांचं घर कर्जमुक्त झालं म्हणून. मग तीन वर्षांनी तिला इंजिनिअरिंगला प्रवेश मिळत होता, तेव्हा आण्णा म्हणाले होते, पैसे नाहीत. कर्ज फिटलेल्या माणसाकडे पैसे का नाहीत, हे तिला तेव्हा कळलं नव्हतं. तिनं ठरवून टाकलं की बाप धाकट्या संदेशसाठी गाठोडं बांधतोय. ती आण्णांच्या हाताखाली पॅटर्न शिकली, त्यांच्याहून सरस झाली, पण ती गाठ वीस वर्षं सुटली नव्हती. जामिनाच्या सहीसाठीसुद्धा ती स्वतः गेली नव्हती, संग्रामला पाठवलं होतं.

संग्रामला डेपोवर सोडून ती सरळ उचगावला गेली. आण्णा मागच्या पडवीत पटाशीला धार लावत बसले होते. त्र्याहत्तर वर्षांचे, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. हात अजून एका रेषेत चालायचा.

"आण्णा, मे २०१८ ला पेढे कशाचे वाटले होते तुम्ही?"

पटाशी दगडावर थांबली. आण्णांनी वर बघितलं नाही.

"कुणी सांगितलं?"

"म्हातारीनं."

"तरी मला वाटलंच, जामिनाची सही घेताना बँकेतली ती बाई लई कागद दाखवत होती." आण्णांनी पटाशी पुसून बाजूला ठेवली. "बस."

ती बसली नाही. आण्णा बोलू लागले.

"पेढे मी बँकेतल्या लोकांना वाटायला नेले होते. पंधरा वर्षं झाली, शेवटचा हप्ता, आता घराचे कागद घेऊन यायचे. साहेबांनी संगणकात बघितलं आणि म्हणाले, सुतार, अजून एकाहत्तर आहेत. मला वाटलं एक-दोन म्हणत्यात. पुन्हा विचारलं. एकाहत्तर. म्हणाले दर वाढलेत, मुदत वाढलीय, आम्ही पत्रं पाठवली होती."

"मग पत्रं कुठं होती?"

"देव्हाऱ्याखालच्या कप्प्यात." आण्णा आता तिच्याकडे बघत होते. "इंग्रजी पत्रं. बँकेचा शिक्का. घर देणाऱ्याचा कागद, म्हणून जपून ठेवायचो. दर खंडेनवमीला हत्यारं पुजतो ना आपण, त्यांच्याशेजारी ती पण मांडायचो. हळदकुंकू वाहायचो. उघडलं एकही नाही."

वृषालीला ती पाकिटं आठवली. पिवळसर, हळदीची बोटं उमटलेली. लहानपणी तिनंच त्यांच्यावर झेंडूची फुलं ठेवली होती.

"आणि मग घरी येऊन पेढे वाटले."

"तुझी आई दारात होती. अख्खी गल्ली दारात होती. तोरण लावलेलं. काय सांगणार होतो? सुताराला मोजता येत नाही म्हणून?" आण्णा म्हणाले. "अडीच किलो वाटले."

"आईला ठाऊक होतं?"

"न्हाई. तुझ्या आईला जाईपर्यंत ठाऊक नव्हतं. सहा वर्षं दुसरी पाळी केली. ओव्हरटाइम म्हणून सांगायचो."

"आणि मला वाटत होतं तुम्ही संदेशसाठी पैसे लपवताय."

"माहीत होतं मला."

"मग बोलला का नाहीत?"

"कर्ज आहे म्हणण्यापेक्षा कंजूष म्हणवून घेतलेलं बरं वाटलं," आण्णा म्हणाले. "कंजूष बापाची निदान मान खाली जात नाही."

वृषाली आता बसली. तिला आधी आण्णांचा राग आला, मग स्वतःच्या वीस वर्षांच्या रागाचा राग आला, आणि मग ती रडली. आण्णा तिच्या पाठीवर हात ठेवून बसले. तो हात शेवटचा कधी ठेवला होता, तिला आठवेना. सहा वर्षं हा माणूस रोज सोळा तास उभा राहिला आणि एकदाही कण्हला नाही. तिला वाईट वाटत होतं आणि त्याच वेळी अभिमानही वाटत होता. दोन्ही खरं होतं.

आण्णा काही वेळानं उठले आणि आतून एक पट्टी घेऊन आले. पितळेची, कडा झिजलेली. वृषालीला ती लहानपणापासून माहीत होती. ही श्रिंकेजची पट्टी. लोखंड थंड होताना आक्रसतं, मीटरमागे दहा मिलिमीटर. म्हणून पॅटर्न मुळातच तेवढा मोठा करावा लागतो. दर वेळी बेरीज करत बसायला नको म्हणून ही पट्टीच लांब आखलेली असते. तिच्यावरचा एक मीटर खरा एक मीटर आणि वर दहा मिलिमीटर असतो. नवशिक्या साध्या पट्टीनं मापं घेतो, आणि ओतलेला भाग थंड झाला की तेवढा कमी भरतो. भंगारात जातो.

"जन्मभर ही पट्टी वापरली," आण्णा म्हणाले, "आणि बँकेत जाताना साधी घेऊन गेलो. वीस वर्षं म्हणजे वीसच वर्षं धरतो आपण. त्यातलं आक्रसणं धरत न्हाई. दर चढणार, आजारपण येणार. ते पहिल्या दिवशीच मापात धरायचं असतं."

वृषालीनं पट्टी हातात घेऊन तिच्या झिजलेल्या कडेवरून बोट फिरवलं. मग म्हणाली, "ही मी नेऊ?"

"ने. धार नसते तिला, लागायची न्हाई."

दुसऱ्या दिवशी सकाळी ती बागवान मॅडमसमोर जाऊन बसली आणि दोन तास उठली नाही. मागं रांग लागली, एक दोघे कुरकुरले, तिनं ऐकून न ऐकल्यासारखं केलं. दर वाढला तर मुदतीऐवजी हप्ता वाढवता येईल का? येईल, लेखी अर्ज द्यायचा. ठरल्याहून जास्त पैसे दर महिन्याला भरले तर दंड आहे? बदलत्या दराच्या कर्जावर नाही. जास्तीचे पैसे मुद्दलात जातात की व्याजात? मुद्दलात. दरवर्षी उरलेले हप्ते कागदावर मिळतील? मागितले तर मिळतील.

"मागत कोण नाही, ताई," बागवान मॅडम म्हणाल्या. "सोळा वर्षं झाली मला या खुर्चीवर. तुम्ही तिसऱ्या."

संध्याकाळी ती संग्रामशी बोलली. उचगावात आण्णांच्या गल्लीच्या मागं एक घर विकायला होतं. दोन खोल्या, तळमजला, शेजारी पत्र्याची शेड. पंचेचाळीस लाखांचं कर्ज पुरणार होतं. हप्ता मात्र साठ लाखांचाच भरायचा, त्रेपन्न हजार.

"कर्ज कमी आणि हप्ता तेवढाच? येडी आहेस काय?"

"पॅटर्न मोठा, वस्तू मापात," वृषाली म्हणाली. "एकशे तेहतीस हप्ते होतात. अकरा वर्षं एक महिना. आणि शेडमध्ये माझं दुकान."

संग्रामचं दुःख वेगळं होतं. "सगळ्या डेपोला सातवा मजला सांगितलाय मी. तलाव सांगितलाय."

"पोहता येतं तुम्हाला?"

"न्हाई."

"मला पण न्हाई."

यावर संग्राम हसला. टोकनचे पन्नास हजार बुडाले, पन्नास परत आले. त्याबद्दल तो पुढं दोन महिने अधूनमधून उसासे टाकत राहिला, ते त्याला माफ.

नव्या घरासाठी नवी चाचणी लागणार होती. वृषालीनं बागवान मॅडमना सांगितलं, "त्या चाराच्या जागी शंभर लिहा. मी विचारणार आहे."

"ते माझ्या हातात नाही, आणि म्हातारी नुसत्या बोलण्यावर ऐकत नाही. केलेलं दिसावं लागतं तिला."

वृषालीनं केलं. बँकेचे अकरा वर्षांचे न उघडलेले निरोप चार दिवस बसून उघडले, एकेक वाचला. कळलं नाही तिथं जाऊन विचारलं. त्या आठवड्यात ती बँकेत चार वेळा गेली. शिपाई तिला पाण्याचा ग्लास न विचारता द्यायला लागला.

पुढच्या बुधवारी ती पुन्हा त्या खुर्चीत बसली.

"लवकर बोल," आवाज म्हणाला, "शेडवर माणसं आलीत."

वृषालीनं आवाज ओळखला. हा तिचाच होता, पण त्यात आईचा थकवा नव्हता. "किती वर्षांची आहेस तू?"

"पन्नाशीला आले. एकशे एक्केचाळीस गेले, आठ जास्त. मध्ये संग्रामच्या पाठीचं ऑपरेशन झालं, तेव्हा जरा हात आखडला. एकूण पाऊण कोटीच्या आत बसलं."

"एकशे त्रेसष्ट लाखांच्या जागी."

"हो. पण दुकानाची पहिली तीन वर्षं लई वाईट गेली, ते पण ऐकून ठेव. चार वेळा वाटलं, बंद करावं."

"केलं नाही ना?"

"बहुतेक वेळा नाही," म्हातारी म्हणाली. तिच्या वीस हजार आयुष्यांत ते कुठं कुठं बंद झालंही असणार. वृषालीला ते खरं बोलणं आवडलं.

"दुकानाचं नाव काय ठेवलंय?"

"ते मला माहीत नाही. ते माझ्याकडे कुणी दिलेलं नाही. तू ठरव."

कागदावर शेवटून दुसरी ओळ होती: स्वतः येऊन विचारण्याची शक्यता, शंभरात एकसष्ट. उरलेले एकोणचाळीस आपण बघू, असं म्हणत वृषालीनं सात दिवस काढले आणि आठव्या दिवशी ताठ मानेनं सही केली. दुकानावर पाटी लावली ती 'तातोबा सुतार आणि मुलगी, पॅटर्नमेकर्स' अशी. तातोबा म्हणजे आण्णा. पाटी बघून ते म्हणाले, अक्षरं वाकडी आहेत. मग दोन दिवस रोज संध्याकाळी त्या बाजूनं फिरायला जात होते.

जून उजाडला तेव्हा व्याजाचा दर पाव टक्का चढला. वृषाली दुसऱ्या दिवशी अर्ज घेऊन बँकेत हजर. हप्ता हजारानं वाढला, मुदत जागची हलली नाही.

मग खंडेनवमी आली. शेडमध्ये पाट मांडला, पाटावर रंधे, पटाशा, मोजणीची हत्यारं, छापायच्या मशीनचं सुटं डोकं, आणि मध्ये पितळेची पट्टी. फाउंड्रीतली आणि गल्लीतली पंधरा-वीस माणसं आली होती. वृषालीनं बँकेचा कागद आणून पट्टीशेजारी ठेवला. पाकीट फाडलेलं, कागद उलगडलेला.

"आण्णा, आधी वाचा. मग हळदकुंकू."

आण्णांनी चष्मा वर सरकवला आणि मोठ्यानं वाचलं, "उरलेले हप्ते, एकशे बावीस."

भट्टीवरचे शामराव चौगुले हसले. त्यांनी घर बांधलं ते म्हातारीचा नियम येण्याच्या आधी. "एवढं मोजत बसायचं कशाला म्हणतो मी? आमचं वीस वर्षांचं आहे. वीस वर्षं झाली की फिटतंय. बँक काय कुठं पळून चाललीय?"

दोन-तीन जणांनी माना डोलावल्या. वृषाली काही बोलणार, तेवढ्यात आण्णांनी हात वर केला.

"शामराव, तुम्ही दोन हजार अठराला माझ्या घरी पेढा खाल्ला होता."

"व्हय, खाल्ला की. घर फिटलं तेव्हा."

"फिटलं नव्हतं," आण्णा म्हणाले. "एकाहत्तर हप्ते उरले होते. मी खोटे पेढे वाटले. बँकेची पत्रं मी पूजत होतो, वाचत नव्हतो. सहा वर्षं दुसरी पाळी करून फेडलं आणि कुणाला बोललो नाही. या पोरीचं शिक्षण त्यात गेलं."

वृषालीनं बापाकडे बघितलं. सगळ्या गल्लीसमोर मान ताठ ठेवून हा माणूस स्वतःची चूक सांगत होता, आणि त्याच्या आवाजात कुठं लाज नव्हती. तिला वाटलं, आपण याचीच मुलगी आहोत हे फार बरं झालं.

"तुमचे किती उरलेत," आण्णांनी शामरावांना विचारलं, "सांगता येईल तुम्हाला?"

शामराव चौगुल्यांनी बोटांवर मोजून बघितलं. मग म्हणाले, "न्हाई."

"सोमवारी चला माझ्याबरोबर."

दसरा झाला, सोमवार आला. वृषाली शेडमध्ये पंपाच्या पॅटर्नवर काम करत होती, तेव्हा बागवान मॅडमचा फोन आला.

"ताई, तुमचे वडील सतरा माणसं घेऊन आलेत. सगळे उरलेले हप्ते विचारतायत. चौगुल्यांचे अठ्ठावन्न जास्त निघाले, त्यांना आम्ही पाणी दिलंय. बसून अर्ज लिहितायत आता."

"आणि आण्णा?"

"ते म्हणतात, माझे किती उरले तेही लिहून द्या. मी म्हटलं, आण्णा, तुमचं कर्ज संपून अठरा वर्षं झाली. तर म्हणतात, तेच लिहून द्या, शिक्का मारून. हातात पेढ्यांचा बॉक्स आहे. मी एक मागितला तर म्हणाले, आधी कागद."

वृषालीला कळलं. एप्रिल २०२४ मध्ये, ज्या दिवशी खरंच फिटलं, त्या दिवशी आण्णांना पेढे वाटता आले नव्हते. गल्लीनं ते सहा वर्षं आधीच खाल्ले होते. त्या दिवशी ते बहुधा बँकेतून एकटेच घरी आले असतील, कागद पिशवीत घालून, आणि दुसऱ्या पाळीला गेले असतील.

"मॅडम, कागद द्या. मी निघाले," ती म्हणाली. मशीन बंद केलं आणि एप्रन न सोडताच गाडीवर बसली.

ती पोचली तेव्हा सतरा माणसं भिंतीकडेला उभी होती आणि आण्णा मधोमध, इस्त्रीचा सदरा घालून. एका हातात न उघडलेला बॉक्स, दुसऱ्या हातात कागद. त्यांनी तो तिच्यापुढं धरला.

"वाच," आण्णा म्हणाले. "मोठ्यानं."

वृषालीनं कागद घेतला. सगळी बँक थांबली होती.

"तातोबा लक्ष्मण सुतार. उरलेले हप्ते, शून्य."

आण्णांनी बॉक्सची दोरी सोडली आणि पहिला पेढा तिच्या तोंडात घातला.